दोन पट्ट्यांमधला सूर

रघुवीररावांनी पेटीचा भाता उघडला, काळी चारवर बोट ठेवलं आणि मान वर न करताच म्हणाले, "घे."

नेर्मिननं सूर घेतला नाही. ती सोफ्याच्या कडेला बसली होती, दोन्ही तळहात गुडघ्यांवर पालथे टाकून.

"अहो," ती म्हणाली, "शनिवारी मी नुसत्या तानपुऱ्यावर गाऊ का?"

भात्यावरचा हात थांबला. पेटीनं उरलीसुरली हवा सोडली.

"नुसत्या तानपुऱ्यावर म्हणजे?"

"म्हणजे पेटी नको."

"अगं, पेटी नको म्हणजे मी नको की." रघुवीरराव हसले. त्यांच्या मते हा विनोद होता.

लीड्सच्या मराठी मंडळाचा दिवाळीचा कार्यक्रम टिपणीस पती-पत्नींच्या भैरवीनं संपतो, हे मंडळाच्या घटनेत लिहिलेलं नव्हतं एवढंच. नाटुकलं लांबो, बॉलिवूड डान्सची गाणी मध्येच बंद पडोत, शेवटी व्यासपीठावर सतरंजी पडायची आणि तिच्यावर पेटीमागे रघुवीरराव नि माइकमागे नेर्मिन बसायची. तबल्याला जो कोणी त्या वर्षी पुण्याहून वर्क व्हिसावर आलेला असेल तो. चाळीस वर्षांत तबलजी बदलले, पेटी तीच राहिली. "मी हिला गाण्यापासून कधीही अडवलं नाही," असं रघुवीरराव वर्षातून दोनदा तरी म्हणत. ते खरंच होतं. अडवायची वेळच कधी आली नव्हती.

"लोकांना काय वाटेल?" ते आता म्हणाले. "टिपणिसांचं काहीतरी बिनसलंय म्हणतील. तुला मी मोठ्यानं वाजवतो असं वाटतं का? हळू वाजवीन."

"मोठ्यानं-हळूचा प्रश्न नाही."

"मग कसला आहे?"

नेर्मिननं पेटीच्या पट्ट्यांकडे पाहिलं. काळ्या, पांढऱ्या, पुसून लख्ख केलेल्या.

"काही नाही," ती म्हणाली. "हळू वाजवा."

आणि तिनं सूर घेतला.

सप्टेंबरमध्ये रघुवीररावांनी स्वतः तिकीट काढून तिला लंडनच्या गाडीत बसवून दिलं होतं. उत्तर लंडनमध्ये तुर्की मंडळींचं एक गायकवृंद होतं, शास्त्रीय संगीताचं. ते चालवणाऱ्या फेरिदेनं कुठून तरी पत्ता काढून फोन केला होता. फोन अर्थातच रघुवीररावांचा. नेर्मिनचा जगाशी सगळा व्यवहार त्याच फोनवरून चाले. फेरिदे पंचेचाळिशीची होती. तिच्या आईनं इस्तंबूल रेडिओवर नेर्मिनला ऐकलं होतं. संध्याकाळी प्रसारण सुरू झालं की आई स्वयंपाकघरातला नळ बंद करायची, असं ती फोनवर म्हणाली. रघुवीररावांना ते इतकं आवडलं की त्यांनी ते मंडळात चार जणांना सांगितलं.

रेडिओची परीक्षा नेर्मिननं बाविसाव्या वर्षी दिली होती, आणि चोविसाव्या वर्षी ती वृंदातून उठून एकटी माइकपुढे उभी राहिली होती. तिच्या गुरू बेहिजे हानिम, म्हणजे आपल्याकडच्या बेहिजेबाई, इस्तंबूलच्या उस्कुदार भागात राहत. त्या कागदावरून शिकवत नसत. समोरासमोर बसायचं, गुरूनं ओळ गायची, शिष्येनं दोन्ही हातांनी गुडघ्यांवर ताल देत ती परत गायची. उजवा हात जड, डावा हलका. हातांना गाणं पाठ झालं की मग गळ्यानं बोलावं, असं त्या म्हणत. एकेका गाण्याला महिना जाई. जर्मनीच्या दौऱ्याचं ठरत होतं तेव्हाच लीड्सच्या कंपनीचे माग बसवायला बुर्साला आलेले एक मराठी इंजिनिअर इस्तंबूलला तिच्या रविवारच्या मैफलीला येऊन पहिल्या रांगेत बसू लागले. तीन रविवार आले. चौथ्या रविवारी फुलं आणली. दौऱ्यावर दुसरी कोणी गेली.

लीड्सला सासूबाईंनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं 'नमिता' असं लिहिलं आणि तिला वाचायला लावलं. पहिल्याच गणपतीत आरती ऐकून त्या म्हणाल्या, "हिला गळा आहे हो." मग पुण्याहून पेटी आली. मराठी गाणी नेर्मिन त्या पेटीवरूनच शिकली, आणि लोक म्हणत, डोळे मिटले तर कळणारही नाही की बाई परकी आहे. हे कौतुक होतं. तिनंही ते कौतुक म्हणूनच ठेवून घेतलं. क्वचित कोणी जेवणाच्या आधी म्हणायचं, "वहिनी, तुमच्यातलं काहीतरी म्हणा ना, दोन मिनिटांचं."

तर सप्टेंबरमध्ये, एका चर्चच्या वरच्या मजल्यावर, ती फेरिदेसमोर बसून तिच्यातलं गायली. उश्शाक या तुर्की रागातलं एक जुनं गाणं. उश्शाक म्हणजे आपल्या भैरवीच्या अगदी शेजारचं घर, फक्त एका सुराचा फरक. त्यातला दुसरा सूर कोमल रिषभापेक्षा चढा आणि शुद्धापेक्षा उतरता, मध्ये कुठेतरी उभा असतो. त्या एका सुरासाठी बेहिजे हानिमनी तिला सगळा एक हिवाळा बसवलं होतं.

गाणं संपल्यावर फेरिदे उठली. तिनं नेर्मिनच्या हाताचं चुंबन घेतलं, तो कपाळाला लावला, आणि मग म्हणाली,

"नेर्मिन हानिम, तुमचा दुसरा सूर खाली उतरलाय. हा उश्शाक राहिलेला नाही. कुर्दी झालाय." कुर्दी म्हणजे जवळजवळ आपली भैरवीच.

असं कोणी नेर्मिनला म्हणेल यावर तिचा विश्वास बसला नाही. तिनं ती ओळ परत गायली. मग तिचा विश्वास बसला.

"मार्चच्या कार्यक्रमात हे गाणं मला एकटीनं गाणारं कोणीतरी हवंय," फेरिदे म्हणाली. "ते मी तुमच्यासाठी धरून ठेवते. नोव्हेंबरात, दुसऱ्या रविवारी या. सूर वर आला असेल तर गाणं तुमचं. नसेल तर वृंदात या, तिथं जागा आहेच."

"नसेल तर मी येणार नाही," नेर्मिन म्हणाली.

घरी येऊन तिनं पेटी उघडली. पांढरी पट्टी दाबली, कोमल रिषभ. शेजारची काळी दाबली, शुद्ध. दोन्हींच्या मध्ये एक बारीक फट होती. तिनं नखानं ती उकरून पाहिली. धूळ निघाली.

"काय म्हणाली ती?" रघुवीररावांनी बाहेरून विचारलं.

"थोडा सराव करून या म्हणाली."

"मग करू की. मी आहे ना."

रघुवीरराव सकाळी पोहायला जात. त्या तासाभरात नेर्मिन मागच्या काचेच्या खोलीत दार लावून, गुडघ्यांवर हात आपटत बसू लागली. दोन्ही गुडघे दुखरे, डावा जास्त. ऑक्टोबरभर सूर पांढऱ्या पट्टीवर जाऊन बसत होता, पाळीव मांजरासारखा. मग एका सकाळी तो उठला. वर सरकला, थांबला, आणि तिथंच राहिला. नेर्मिननं गाणं तोडून मागे वळून पाहिलं, कोणी दुसरंच गायल्यासारखं.

दुसऱ्या दिवशी होता. तिसऱ्या दिवशीही. आणि चौथ्या दिवशी, बुधवारी, रघुवीरराव पेटी घेऊन बसले, कारण शनिवारी मंडळाचा कार्यक्रम होता आणि लंडनची गाडी रविवारी.

शनिवारी शाळेच्या हॉलमध्ये सगळं वेळापत्रकाप्रमाणे उशिरा चाललं. मंडळाची सेक्रेटरी मीनल, पैठणी नेसून आणि हेडसेट लावून, शेवटी माइकवर आली.

"आणि आता भैरवी. आपल्या सगळ्यांच्या लाडक्या नमितावहिनी. माहेर तुर्कस्तान, पण मराठी तुमच्या-माझ्यापेक्षा शुद्ध."

लोक हसले. गेल्या वर्षीही इथंच हसले होते.

नेर्मिन सतरंजीवर बसली. पहिल्या रांगेत चैत्राली फोन उभा धरून रेकॉर्डिंगला सज्ज होती. दोन वर्षांपूर्वी नोकरीसाठी पुण्याहून आलेली ही मुलगी गोड गायची आणि मोठ्यांच्या पाया पडायची. तिला मंडळात पुढे यायला आणखी कशाची गरज नव्हती.

पहिली ओळ नीट गेली. दुसऱ्या ओळीत रिषभ आला. नेर्मिननं तो घेतला, आणि तो पांढऱ्या पट्टीच्या वर उभा राहिला. पेटी खाली होती. दोन्हींच्या मध्ये हॉलभर एक खरखर पसरली, खराब ट्यूबलाइटसारखी.

रघुवीररावांनी मान वर केली. मग साथीदाराचा जुना धर्म पाळून त्यांनी पट्टी जरा जोरात दाबली. गाणारा भरकटला की त्याला सूर दाखवायचा असतो. नेर्मिननं पाहिला. ती त्याला चांगलीच ओळखत होती. ती त्याच्याकडे गेली नाही.

रिषभ पुन्हा आला. पुन्हा खरखर. हळू वाजवायचं ठरलेलं रघुवीरराव विसरले. त्यांनी भाता पूर्ण उघडला, तिच्याकडे डोळे मोठे केले, ओठांनी "खाली, खाली" असं केलं. तिचे हात मांडीवरून कधी गुडघ्यांवर गेले ते तिलाही कळलं नाही. उजवा जड, डावा हलका. तबलजी गोंधळून ठेका धरून राहिला. मागच्या रांगेत कोणीतरी कोणाच्या तरी कानात काही म्हणालं. चैत्रालीनं फोन हळूच खाली घेऊन पर्समध्ये ठेवला. मुलगी खरोखर चांगल्या वळणाची होती.

भैरवी संपली. टाळ्या पडायच्या आत रघुवीररावांनी माइक स्वतःकडे वळवला.

"घसा बसलाय तिचा जरा," ते म्हणाले. "आणि वय काय, कोणाला चुकलंय? पण यायचं म्हणाली. हौस."

मग टाळ्या पडल्या. कुठल्याच वर्षी इतक्या पडल्या नव्हत्या.

जेवताना मीनलनं नेर्मिनच्या ताटात न मागता श्रीखंड वाढलं.

"वहिनी, तुम्ही गायलात हेच आम्हाला खूप आहे."

"सूर कसा लागला?" नेर्मिननं विचारलं.

मीनलनं चमच्याकडे पाहिलं. "अहो, असं काय विचारताय. घरचाच कार्यक्रम आहे."

चैत्राली वाकून पाया पडली. "काकू, गरम पाण्यात हळद घ्या. माझ्या आजीलाही असंच व्हायचं."

"काय व्हायचं?"

"म्हणजे," चैत्राली म्हणाली, "असंच."

दाराशी उभे राहून रघुवीरराव चष्मा कपाळावर सरकवून फोनवर काहीतरी टाइप करत होते. मग मीनलला बाजूला घेऊन ते थोडा वेळ बोलले. मीनल मान हलवत होती, आजारपणाची बातमी ऐकताना हलवतात तशी.

साडेचारलाच अंधारून आलं होतं. पेटी मागच्या सीटवर, सीटबेल्ट लावून. रिंग रोडला लागेपर्यंत रघुवीरराव काही बोलले नाहीत. समजूतदार माणसाचं गप्प बसणं ऐकू येईल असंच असतं.

"मी मीनलशी बोललोय," ते शेवटी म्हणाले. "पुढच्या वर्षीपासून भैरवी चैत्राली म्हणेल. तुला ताण नको."

"आणि पेटी?"

"पेटीला मी आहेच. तिला सवय नाही ना अजून माझ्या साथीची."

"होईल," नेर्मिन म्हणाली.

"उद्या लंडनलाही जाऊ नकोस. आज आपलीच माणसं होती, त्यांनी सांभाळून घेतलं. तिकडे कशाला शोभा? मी मघाशीच फेरिदेला मेसेज टाकलाय. आज सूर फार हलत होता, गाणं दुसऱ्या कोणाला तरी द्या, म्हटलं. तुला ते सांगणं जड गेलं असतं."

नेर्मिननं काचेबाहेर पाहिलं. बसस्टॉपवर एक बाई मुलाच्या कानांवर टोपी ओढत होती.

"काही उत्तर आलं?"

"आलं. विचित्र बाई आहे." त्यांनी गियर बदलला. "बरं आहे का विचारलं नाही, काही नाही. विचारते, सूर खाली जात होता की वर."

"मग? तुम्ही काय सांगितलं?"

"खरं ते सांगितलं. प्रत्येक वेळी वर जात होता. मी इतका दाखवत होतो, तरी."

पुढचा सिग्नल लाल होता. दिव्याच्या उजेडात रघुवीररावांना तिचे हात दिसले. गुडघ्यांवर आपटत होते, उजवा जरा जोरात, डावा हळू. आधी एकसारखे, मग भराभर.

"थंडी वाजतेय का गं?" त्यांनी विचारलं, आणि हीटर वाढवला.