चारशे मीटरचा मंगल सोहळा

नळाला पाणी आले की गारखेड्यातल्या त्या गल्लीत प्रत्येक घरची मोटार एकदम सुरू होई आणि गजाला शेखची झोप मोडे. डोळे न उघडताच तिला कळे, की कोपऱ्यावरची मोटार पाण्याऐवजी हवा ओढते आहे आणि शेजारच्यांच्या मोटारीचे बेअरिंग फार दिवसांचे सोबती नाही. मग ती उठे, गच्चीवरच्या टाकीत नळी सोडे, पिंप भरी, बादल्या भरी आणि शेवटी स्वयंपाकघरातली पातेलीही भरून ठेवी; कारण पुढचे पाणी केव्हा येईल हे खात्रीने सांगणारा माणूस शहरात अजून जन्मायचा होता. त्या रविवारची सकाळही अशीच गेली. तिचे वडील मजीदमियाँ दारातल्या ओट्यावर बशीत चहा ओतून फुंकर घालत होते. जन्मभर चिकलठाण्याच्या औद्योगिक वसाहतीत लेथवर काम केल्यामुळे त्यांना ऐकू थोडे कमी येई, पण बोलायला कमी नसे.

"खाके जा बेटा. वहाँ भाषणां रहते, खाना नहीं रहता."

"भाषणं नाहीत अब्बा. एक नारळ, एक धाव आणि घरी. ऋतुराजभाऊंनी शब्द दिलाय."

"हौ, शब्द तो देतेच," मजीदमियाँ म्हणाले आणि चप्पल शोधू लागले. लेकीचे इंजिन पळताना पाहायला त्यांनाही यायचे होते.

गजाला मेकॅनिकल इंजिनिअर होती. एका कारखान्यात गुणवत्ता तपासणीची नोकरी होती, पगार बरा होता, नेमून दिलेल्या बोल्टांचे व्यास मोजायचे एवढेच काम होते. ती सोडून गेली दोन वर्षे तिने वडिलांच्या शेडमध्ये एक इंजिन उभे केले होते. ते ज्या गाडीत बसवले होते तिला ड्रॅगस्टर म्हणतात. ड्रॅगस्टर म्हणजे जिला वळता येत नाही, चटकन थांबता येत नाही, जिच्यात एकच माणूस कसाबसा मावतो आणि चारशे मीटर सरळ धावले की जिचे इहलोकीचे कार्य संपते, अशी गाडी. पुढे सायकलीसारखी दोन बारीक चाके, मागे पिंपाएवढी दोन, मध्ये लोखंडी नळ्यांचा लांबलचक सांगाडा आणि चालकाच्या पाठीमागे आठ सिलिंडरांचे इंजिन. मराठवाड्याच्या विकासात नेमकी हीच एक गोष्ट राहून गेली आहे, असे ऋतुराजच्या मनाने घेतले होते.

ऋतुराज हा गंगापूरकडच्या काकासाहेबांचा मुलगा. काकासाहेबांचा ऊस होता, कापूस होता, आणि महामार्गात गेलेल्या जमिनीचा मोबदलाही होता. मुलगा एकदा परदेशी जाऊन आला, तिथे त्याने ही शर्यत पाहिली आणि परतल्यावर गाडीचा सांगाडा मागवला. जिल्हा परिषदेची निवडणूक जवळ आली होती हा निव्वळ योगायोग. गाडीच्या पहिल्या जाहीर धावेसाठी शहराबाहेरच्या एका बंद कारखान्याची, दुचाकी तपासण्यासाठी बांधलेली सरळ पट्टी भाड्याने घेतली होती. प्रवेशद्वाराशी भव्य फ्लेक्स होता. त्यावर हात जोडलेला ऋतुराज, त्याच्या मागे हात जोडलेले काकासाहेब, वर हात जोडलेले अनेक मान्यवर, आणि अगदी खाली, लिंबाएवढी, गाडी. 'वेग मराठवाड्याचा, विश्वास जनतेचा!' वेगाचा हा सोहळा पाहायला निघालेली तालुक्याची मंडळी रस्त्यावरचे खड्डे चुकवत चुकवत बरीच उशिरा पोचली, आणि प्रमुख पाहुणे त्यांच्याही नंतर यायचे होते.

गजालाचे मात्र पाहुण्यांकडे लक्ष नव्हते. तिचे लक्ष होते पुण्याहून आलेल्या सत्यमकडे. तो एका रेसिंग संघासाठी इंजिने निवडत असे आणि सोबत वेळ मोजायचे स्वतःचे यंत्र घेऊन आला होता. "पेपरवर सगळेच पळवतात, ताई," तो फोनवर म्हणाला होता, "मला एक स्वच्छ धाव दाखवा. तुमच्याकडं काम येत राहील." त्या एका धावेवर तिची शेड चालायची की तिने पुन्हा बोल्ट मोजायला जायचे, हे ठरणार होते.

काकासाहेब काठी टेकत गाडीभोवती एक फेरी मारून आले.

"ॲव्हरेज किती देती गं पोरी?"

"लिटरला वीस मीटर, काका."

काकासाहेबांनी कानामागे हात नेला. "किलोमीटर म्हण."

"मीटरच. आणि पेट्रोल नाही, मिथेनॉल लागतं. दारूचाच भाऊ, पण माणसानं प्यायलं तर डोळे जातात."

"म्हंजी दारू पिती, सरळच पळती अन् कुणाचं ऐकत नाय," काकासाहेब विचारपूर्वक म्हणाले. "आमच्या पंचायत समितीत अशी लई हायेत. फुकटात मिळाली असती."

भोवतालची माणसे हसली, गजालाही हसली. म्हाताऱ्याबद्दल तिला आपुलकी होती. गाडीविषयी खरे प्रश्न विचारणारा त्या गर्दीत तो एकटाच होता.

पाहुणे दृष्टिपथात आल्याची वर्दी आली तेव्हा गजाला पट्टीच्या पलीकडच्या टोकाला सत्यमबरोबर वेळेचे दिवे सरळ लावत होती. पट्टी संपल्यावर गाडी थांबायला काही अंतर मोकळे होते आणि त्यानंतर कारखान्याची दगडी कुंपणभिंत होती. तिथूनच तिला कर्ण्यातून अप्पारावांचा आवाज ऐकू आला.

अप्पाराव हे ऋतुराजचे उजवे हात. त्यांचा मूळ धंदा लग्नाचा: मंडप, वाढपी, घोडा, बँड, सगळे एका छताखाली. ड्रॅग रेसिंगचा त्यांना अनुभव नव्हता, परंतु चार पाहुणे, एक मंडप आणि एक सजवलेले वाहन दिसल्यावर पुढे काय करायचे हे त्यांना कुणी शिकवायला नको होते. पूजेला बोलावलेल्या गुरुजींनी आपले काम नेटके केले होते. पुढच्या चाकाला कुंकू, चार अक्षता, नारळ बाजूच्या दगडावर. असल्या पूजेचे गजालाला काही वावडे नव्हते. दसऱ्याला तिचे अब्बा स्वतः लेथला झेंडूची माळ घालत, आणि माळ लहान आणली म्हणून कामगारांशी भांडत. पण गुरुजींचे इतक्यात आटोपले हे अप्पारावांना कसेसेच वाटले. पाहुण्यांच्या हाताला काही काम नको का? त्यांनी परातच फिरवली. सगळ्यांना मूठ मूठ अक्षता मिळाल्या. छायाचित्रकार म्हणाला, की इंजिनाचे तोंड झाकलेले चांगले दिसत नाही, तेव्हा अप्पारावांनी गजालाने हवा ओढायच्या तोंडावर बसवलेले रबरी टोपण उपसून बाजूला ठेवले.

"नवरदेवाचं तोंड झाकून लगीन लावतेत व्हय?" ते कर्ण्यावरून म्हणाले, हशा झाला, आणि मग सवयीने, पोटतिडकीने, जणू मंडपात दोन्हीकडचे वऱ्हाड उभे आहे अशा थाटात त्यांनी आरोळी ठोकली, "सावधान!"

उन्हात पिवळ्या तांदळाचा एक ढग उठलेला गजालाने लांबून पाहिला.

ती धावत आली तोवर बँडही वाजू लागला होता. ऋतुराज आधीच आसनावर बसला होता, डोक्याला फेटा होता, आणि लोकांना मजा दाखवावी म्हणून तो पायाने ॲक्सिलरेटर दाबत आणि सोडत होता. इंजिन बंद होते, पण वरच्या तोंडातल्या तीन झडपा त्या पायासरशी उघडमीट करत होत्या. पुढे बसलेल्या ऋतुराजला पाठीमागचे काही दिसत नव्हते. गजालाने बॅटरी लावून आत पाहिले. बरेचसे दाणे झडपांच्या खाली, इंजिनात हवा कोंबणाऱ्या सुपरचार्जरमध्ये गेले होते. हळदीच्या पाण्याने ओले झालेले काही मधल्या झडपेच्या कडेला चिकटून बसले होते. त्यांना वरून चिमट्याने गाठणे शक्य नव्हते; सगळे डोके उतरवावे लागले असते.

इंजिन पेटले की सुपरचार्जर कदाचित सगळे दाणे दळून पीठ करील, आणि शहराला तांदळाची सर्वांत महागडी गिरणी लाभेल. कदाचित. पण पाय उचलल्यावर मिटणाऱ्या झडपेत एकच दाणा अडकला, तर झडप मिटणार नाही, इंजिन जोरातच ओढत राहील, आणि गाडी थोपवणारी मागची छत्री उघडली तरी ती त्या ओढीपुढे पुरणार नाही. इंधन तोडायचा दांडा चालकाच्या डाव्या हाताशी होता. मात्र तो हात आपोआप तिथे जावा इतका सराव ऋतुराजने केला नव्हता. सरावाच्या बहुतेक दिवशी त्याचे कुठे ना कुठे सत्कार असत. आणि शेवटी ती भिंत.

ती त्याच्या कानाशी वाकली. "ऋतुराजभाऊ, वरचं डोकं खोलावं लागंल. तासभर द्या."

"तासभर? ताई, पाहुण्यांना पुढं तीन कार्यक्रम हायेत. थांबणार नाहीत ते."

"आपण त्यांच्यासाठी सकाळपास्नं थांबलोय."

"ते येगळं," ऋतुराज म्हणाला, आणि ते खरोखर वेगळे आहे याविषयी त्याच्या चेहऱ्यावर शंका नव्हती. "झालं काय पण?"

"आत अक्षता गेल्यात."

अप्पारावांनी ते ऐकले. ते हसतच जवळ आले, कर्ण्याचा माइक अजून हातातच होता. "म्हंजी पूजेनं गाडी बिघडली म्हणता का काय गजालाताई? सांगू का माइकवर?"

त्यांनी ते गमतीने म्हटले होते, त्यात काळेबेरे काही नव्हते. पण जवळच्या पाच-सात माणसांनी माना वळवल्या. त्यांतल्या दोघांनी आधी अप्पारावांकडे पाहिले, मग गजालाकडे, मग तिच्या मागे उभ्या असलेल्या मजीदमियाँच्या दाढीकडे. एकाने मोबाईल वर धरला. गुरुजी हळूच म्हणाले, "मी फक्त चाकाला वाहिल्या होत्या हो," आणि आपली पिशवी घेऊन सावलीला सरकले. मजीदमियाँना वाक्य पुरते ऐकू आले नव्हते, पण माना वळलेल्या त्यांना दिसल्या होत्या.

"बेटा," ते पुटपुटले, "अब्बी चूप."

खरे बोलायला गजालाला एक वाक्य पुरले असते. ते वाक्य संध्याकाळपर्यंत शहरातल्या किती मोबाईलवर, कोणत्या रूपात फिरले असते याचा अंदाज बांधायला इंजिनिअरिंगच्या पदवीची गरज नव्हती. न बोलावे, तर सात-आठ सेकंदांच्या धावेत कदाचित काहीच होणार नव्हते. सत्यमला त्याची स्वच्छ धाव मिळाली असती, तिला शेड. नुसते हट्टाने इंजिनाला हात न लावता उभे राहावे, तर स्टार्टर कसा लावतात ते अप्पारावांनी दोनदा पाहिले होते, आणि उत्साहात ते कुणाला हार जाणारे नव्हते.

समोर ऋतुराज फेटा काढून हेल्मेट घालत होता. हनुवटीखालचा पट्टा त्याला जमत नव्हता. तो पट्टा पुन्हा पुन्हा उलट्या बाजूने घालत होता आणि ते कुणाला दिसू नये म्हणून तो पाहुण्यांकडे बघून मोठ्याने हसत होता. सगळ्या सोहळ्यात तो घाबरला आहे हे बहुधा त्याचे त्यालाच माहीत होते.

"थांबा," गजाला म्हणाली. तिने त्याचा पट्टा नीट लावून दिला.

"ताई, जाईल ना नीट?" त्याने हळूच विचारले.

"मी शेवटचं एकदा बघते," ती म्हणाली.

हातात फडके घेऊन ती इंजिनापाशी गेली. मॅग्नेटोपाशी, म्हणजे सगळ्या सिलिंडरांना ठिणगी पुरवणाऱ्या डब्यापाशी, तिने वाकून धूळ पुसली. पुसता पुसता डब्यातून निघणारी मुख्य तार अंगठ्याने उपसली आणि तिचे टोक टोपीत वरवर टेकवून ठेवले. बघणाराला ती जागच्या जागी दिसावी अशी. बँड थांबला. अप्पारावांनी उलटी गिनती सुरू केली, तीही मंगलाष्टकांच्या चालीवर. गजालाने स्टार्टर लावला.

इंजिन फिरले. घरघरले. मिथेनॉलचा उग्र दर्प पसरला, आणि काही झाले नाही. तिने पुन्हा लावला. पुन्हा घरघर. गर्दीतून कुणी शिट्टी वाजवली. "ढकला! ढकला!" दोन पोरे खरेच पुढे आली. काकासाहेबांनी काठी उगारून त्यांना मागे हटवले. पाहुण्यांनी घड्याळ पाहिले, हसून हात जोडले आणि ते पुढच्या कार्यक्रमाला निघाले. अप्पारावांनी कर्ण्यावरून तांत्रिक अडचणीचे मनःपूर्वक स्वागत केले आणि उपस्थितांना भोजनाचा आग्रह केला.

सत्यम पट्टीच्या टोकाकडून चालत आला. "काय झालं?"

"मॅग्नेटो गेला," गजाला म्हणाली. "माझी चूक. आधी तपासायला हवा होता."

त्याने मॅग्नेटोकडे पाहिले, तिच्याकडे पाहिले आणि मान हलवली. "कळवतो," असे म्हणून तो आपले दिवे गोळा करायला परत गेला. काम देणारे लोक कळवतो असे म्हणत नाहीत, हे गजालाला नोकरी शोधण्याच्या दिवसांपासून माहीत होते.

ऋतुराज अजून सांगाड्यात अडकून बसला होता. हेल्मेटच्या काचेआडून त्याचा आवाज घुमून आला. "नाक कापलं ताई तुम्ही माझं. साऱ्या तालुक्यासमोर."

"हां," गजाला म्हणाली. "चुकलंच माझं."

आणि वाकून तिने त्याच्या छातीवरचे पट्टे एकेक करून सोडवले.