डाळीचा डबा

तृप्तीताई संभाजीनगरहून केदारखेड्याला आमचं रोजचं जगणं कॅमेऱ्यात टिपायला आल्या, तेव्हा सासूबाई पैठणी नेसून शेण भरायला गेल्या. ताई हसल्या नाहीत. "काकू, मी इथं नाहीच असं समजा," एवढंच म्हणाल्या. त्या काही विचारायच्या नाहीत की करायला सांगायच्या नाहीत. कॅमेरा तीन पायांवर उभा करून कोपऱ्यात गप्प बसायच्या, नाहीतर तो चालू ठेवून गावात फिरायला जायच्या. हळूहळू आम्हाला कॅमेरा आणि रांजण सारखेच झाले.

मी मात्र स्वतःला फार शहाणी समजत होते. लाल दिवा लागला की कॅमेरा चालू, हे मी पहिल्याच दिवशी हेरलं होतं. एके दिवशी तो स्वयंपाकघरात उभा होता, पण दिवा नव्हता. मी डाळीच्या डब्यातून पाळणा लांबवायच्या गोळ्यांचं पाकीट काढलं, एक गोळी गिळली आणि पाकीट परत डाळीत खुपसलं.

मला दोन मुली. दुसरीच्या वेळी मी मरता मरता वाचले. तिसरं नको, असं डॉक्टरीणबाईंनी गोरक्षनाथच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या तोंडावर सांगितलं होतं. तरी त्याचं एकच. "औंदा पोरगा न्हाई झाला तर तुला वडीगोद्रीला तुझ्या बापाकडं सोडतो. पोरी इथंच राहतील." तो बोलेल ते करणारा माणूस. सासूबाईंनी तर नातवासाठी नवस बोललेला.

रविवारी दुपारी ताईंनी कॅमेरा आमच्या टीव्हीला जोडला. टिपलेलं त्या एकट्या कधी बघायच्या नाहीत, घरच्यांसोबतच पहिल्यांदा बघायच्या. वायर खोचताना मला कॅमेऱ्यावर काळी चिकटपट्टी दिसली.

"ही कशाला लावली, ताई?"

"दिवा झाकलाय. तो दिसला की माणसं सावध होतात."

म्हणजे माझा डाळीचा डबाही टिपला गेला होता. नवऱ्यासमोर ताईंना थांबवणार तरी कशी? अंगणात मुली खेळत होत्या.

पडद्यावर सासूबाई पैठणीत शेण भरत होत्या. नवरा पोट धरून हसत होता. मग स्वयंपाकघर आलं. माझा हात डब्यात गेला, गोळी तोंडात गेली. नवऱ्याचं हसणं थांबलं.

ताई चित्र मध्येच तोडत नसत. मी निघून गेले तरी कॅमेरा रिकाम्या स्वयंपाकघराकडे बघतच राहिला होता. तेवढ्यात तिथं सासूबाई आल्या. त्यांनी डबा उघडला, पाकीट काढून उलटसुलट पाहिलं, दाराकडे नजर टाकली आणि ते डाळीत आणखी खोल दाबून ठेवलं.

"कशाच्या गोळ्या ह्या?" नवऱ्यानं आईला विचारलं.

"पित्ताच्या. अंजूला जळजळ होऊन राह्यली, म्याच दिल्या."

"मंग डाळीत कशाला लपवल्या?"

सासूबाईंनी माझं मनगट धरलं. ताई कॅमेरा बंद करायला उठल्या, तसा नवरा म्हणाला, "ऱ्हाऊ द्या."

"गोरख," सासूबाई म्हणाल्या, "हिला वडीगोद्रीला सोडणार आसशील तर म्या बी जाईन. नातींना घिऊन."

माझं मनगट त्यांनी सोडलं नाही.