तिसऱ्या रांगेतून

वीबेने डॉक्टरांच्या टेबलावर हात पालथा ठेवला आणि बोटं सावकाश पसरली.

"हात काढ," शेजारी बसलेली त्याची बायको तिनेके पुटपुटली. "तो तुझ्या हार्लेमच्या नाटकातल्या वकिलाचा हात आहे."

त्याने निमूटपणे हात मांडीवर घेतला. आयुष्यभर त्याने नाटक-सिनेमात अशीच छोटी कामं केली होती. कधी वकील, कधी पाद्री, कधी नायिकेचा काका, शेजारचा चिडका म्हातारा. बाजारात लोक त्याला थांबवत, पण नाव कुणालाच आठवत नसे. प्रत्येक नाटकाच्या पहिल्या प्रयोगाला तिनेके तिसऱ्या रांगेत असायची, आणि आपला प्रसंग संपला की वीबे डोळ्यांच्या कोपऱ्यातून तिच्याकडे बघायचा, जमलं का म्हणून. ही खोड घरातही सुटली नव्हती. कांदा चिरताना बोट कापलं, तरी आधी कण्हायचा आणि मग हळूच तिच्याकडे बघायचा. तिला त्याचा भयंकर राग यायचा.

डॉक्टर ब्रूकमा वीबे-तिनेकेच्या मुलीच्या वयाच्या होत्या. त्या आडवळणाने बोलल्या नाहीत. वीबेचा कर्करोग यकृतात पसरला होता आणि शस्त्रक्रियेचा आता उपयोग नव्हता.

वीबेने ऐकून घेतलं. मग मान तिरकी करून तो मंद हसला.

"मार्चमध्ये चित्रीकरण आहे हो माझं. फार नाही, दोनच प्रसंग. दुसऱ्यात तर मरायचंच आहे."

डॉक्टर हसल्या नाहीत. "मार्चचं काही ठरवू नका," त्या म्हणाल्या.

वीबेने तिनेकेकडे पाहिलं.

"हे पाद्रीचं हसू," ती म्हणाली. तिचा आवाज चिरकला. "पुरे कर ना रे आता. निदान माझ्यासमोर तरी."

"मग कसं करू?" त्याने विचारलं. "मला दुसरं येतं काय?"

आपण हे बोलायला नको होतं, असं तिला फार वाटलं.

बाहेर वारा सुटला होता. वीबे आपल्या सायकलच्या मागच्या चाकाशी वाकला आणि कुलूप उघडू लागला. किल्ली आत जाईना. त्याने ती विजारीला पुसली, उलटी करून पाहिली. ती हातातून निसटली, ती त्याने चाचपडत उचलली. नाक वाहत होतं, तेही त्याने पुसलं नाही.

तिनेके आपली सायकल धरून उभी होती. तो आता नेहमीसारखा वर तिच्याकडे बघेल म्हणून ती थांबली. हे कुठल्या नाटकातलं, एवढं विचारायचं तिच्या अगदी ओठांवर आलं होतं.

त्याने वर पाहिलं नाही. किल्ली कुलपाच्या भोवती नुसती खरखरत राहिली.

तिनेके सायकल ढकलत थोडी पुढे गेली आणि त्याच्याकडे पाठ करून उभी राहिली.