स्तानेला मिळालेला वन्स मोअर

तुम्ही विश्वास ठेवणार नाही, आणि मी तुमच्या जागी असतो तर मीही ठेवला नसता. पण आमच्या एडिसनमध्ये एका स्लोव्हेनियन म्हाताऱ्याच्या मरण्याला वन्स मोअर मिळाला. ही दीपा बसलीय ना समोर, ती त्या नाटकात सून होती. दीपा, तू मध्ये बोलू नकोस.

दोन हजार पाचचा गणपती. शैलजानं मंडळाचं नाटक बसवलेलं. पुण्यात रंगभूमीवर वाढलेली पोर. इथे परदेशात नवऱ्याच्या व्हिसावर येऊन नुसती घरात बसून होती. "काका, हे कॅन्सल झालं तर मी पुन्हा नाटकाचं नाव काढणार नाही," म्हणाली होती. आणि ऐन वेळी प्रताप व्हिसाच्या स्टॅम्पिंगला गेला तो मुंबईतच अडकला. त्याचं काम लकवा झालेल्या आजोबांचं. खुर्चीत बसायचं, दुसऱ्या अंकात मरायचं, तोंडातून अक्षर काढायचं नाही. असलं काम मराठी माणूस करतो होय? मीसुद्धा निदान एक स्वगत मागितलं.

मग मला आमच्या वरच्या मजल्यावरचा स्ताने आठवला. लेकीकडे राहायचा. आयुष्य स्लोव्हेनियात, लुब्लियानाच्या नाटकांत आणि सिनेमांत गेलेलं. पण कामं पोस्टमनची, वेटरची, पाद्र्याची; नायकाचं कधीच नाही. "युद्धाच्या सिनेमात मला लवकर गोळी लागायची," तो सांगायचा. "मग कॅमेरा नायकामागे जायचा. मी चिखलात."

"अहो काका, त्याला मराठी कुठे येतं?" शैलजा म्हणाली.

"आजोबांना तरी कुठे बोलायचंय?"

धोतर नेसवून बसवला. दुसरा अंक. सून लाइटबिलावरून कटकट करतेय, आणि यानं चहाच्या कपाकडे हात नेला. बोट कपाच्या कानाला टेकलं आणि तिथेच थांबलं. बस, तेवढंच मरण. हॉलमधली पोरंटोरंसुद्धा पळायची थांबली. तेवढ्यात मागून आमच्या मंडळातला गिरीश ओरडला, "वन्स मोअर!" आणि सगळा हॉल ओरडायला लागला.

मेलेल्या स्तानेनं एक डोळा उघडून इंग्रजीत विचारलं, "काय हवंय त्यांना?"

"तुम्ही परत मेलेलं हवंय," दीपा कुजबुजली.

"परत? आजवर कुणी मागितलं नव्हतं." उठला, हात जोडले, डोळे पुसले, आणि नव्यानं मेला. विंगेत शैलजा रडत होती आणि हसत होती. दुसऱ्या दिवशी तिनं पुढचं नाटक निवडलंसुद्धा. त्या माणसाचे उपकार हे मंडळ विसरणार नाही.

पण ऐका. त्या रात्री लोक थांबेनात. तिसऱ्यांदा मेला, चौथ्यांदा मेला. आणि पाचव्यांदा, काय सांगू, उठलाच नाही. टाळ्यांच्या कडकडाटात देवाघरी गेला. भाग्यवान!

"काका, काहीही काय!" दीपा ओरडली. "आज सकाळी ओक ट्री रोडवरच्या भाजीच्या दुकानात माझ्या शेजारी उभा राहून भेंडी निवडत होता तो!"