अर्ध्या मिनिटाची चावी

मी कॅमेरा बोलतोय, चावीचा कॅमेरा. मला वीज लागत नाही की काही नाही. चावी पिळा, अर्धं मिनिट किरकिरतो आणि गप्प बसतो. कराचीहून एका सिंधी शेठच्या ट्रंकेत आलो आणि निर्वासितांच्या कॅम्प तीनमधल्या त्याच्या दुकानात कापडाच्या ताग्यांमागे पडून राहिलो. "चावी भरो साईं, चलेगा!" म्हणत त्याने मला हेमचंद्राच्या हाती दिलं, ते साल चौपन्न.

हेमचंद्र अंबरनाथच्या एका कारखान्यात नकाशे काढायचा. सिनेमाचं वेड भारी, पण याला ना नट हवे होते ना गोष्ट. याचा सिनेमा म्हणजे विठाआत्याचे हात! आत्या बदलापूरची, पोरक्या हेमचंद्राला तिनेच वाढवलेलं. दर रविवारी तिच्या अंगणात जायचं, एक चावी भरायची आणि हात टिपायचे. भात पाखडताना, वाल सोलताना, अंगण सारवताना. दुसरं काही नाही.

चाळीच्या भिंतीवर त्याने ते दाखवलं, तर शेजारचे अण्णा म्हणतात, "अहो, गाणं कधी लागायचं?" माणसं उठून गेली. असा राग आला मला!

आत्याचं गाऱ्हाणं मात्र वेगळंच. "बाबा, हातांना काय बगतोस? माजं तोंड कदी घेशील?"

"घेऊ गं, शेवटी घेऊ. आधी हात पुरे होऊ देत."

वर्षभर हेच उत्तर. हट्टी मेला!

पावसाळा सरला आणि आत्याने खोकून खोकून अंथरूण धरलं. एका रविवारी आपणच उठली, ठेवणीतलं लुगडं नेसून अंगणात येऊन बसली. "आज तोंडच घे."

एरवी हेमचंद्र घोंगडीखाली काळोखात, बोटांनी चाचपत, सावकाश फिल्म भरायचा. त्या दिवशी ऊन उतरत होतं, आत्याला बसवत नव्हतं. याने घाईघाईत झाकण लावलं. फिल्मच्या कडेची भोकं माझ्या दात्यांत बसलीच नाहीत. मला तेव्हाच कळलं. चावी फिरली, दाते फिरले, फिल्म जागची हलेना. अरे थांब, उघड मला! मी जीव तोडून ओरडलो. पण माझं ओरडणं म्हणजे तीच रोजची किरकिर.

"छान, आत्या, छान!" हेमचंद्र म्हणाला.

फिल्म मुंबईला धुवायला गेली. ती परत यायच्या आत आत्या गेली. रीळ काळंकुट्ट निघालं. त्यात एकच चौकट उजळलेली, तीही पांढरीफटक. अर्ध्या मिनिटाचं सगळं ऊन तिथेच साचलेलं.

आता मी आत्याच्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळलेला, फळीवर असतो. हेमचंद्र भिंतीवर त्या हातांची फिल्म लावतो, एकटाच बघत बसतो. मग मला खाली काढून विचारतो, "शेवटी ती हसली होती का रे? मी नुसता उजेडच बघत होतो."

हसली होती रे हेमचंद्रा. तोंडावर पदर घ्यायचंही विसरून, पडलेला दात दिसेपर्यंत हसली होती. मी बघितलं. ठेवता मात्र आलं नाही, आणि आता सांगताही येत नाही.

एकदा चावी भर ना रे माझी. निदान किरकिरेन तरी.