दंडावरचे रंग

सोमेश्वरला विज्ञानाची गोडी कधीच नव्हती. पण त्या संध्याकाळी आष्टीच्या चहाच्या टपरीवर त्यानं एक व्हिडिओ शेवटपर्यंत पाहिला आणि घरी येऊन बायकोचा लॅपटॉप भिंतीवर आपटला.

"कुणाचा हात हाय त्यो? बोल!"

त्यानं केस धरून शालूचं डोकं चौकटीवर हाणलं.

बारावीला तिला शिकवणारे स्वानंद सर परतूरला मुलांसाठी विज्ञानाचे व्हिडिओ बनवत, आणि ते एडिट करायचं काम शालू घरी बसून करी. या वेळचा विषय होता, मार लागल्यावर अंग निळं का पडतं. सरांनी नेटवरून पाठवलेले फोटो सगळे गोऱ्यापान परदेशी हातांचे. गावाकडच्या पोरांना त्यातून काय कळणार? तिच्या मोबाइलमध्ये तिच्याच दंडाचे फोटो होते. कधीतरी कुणाला तरी दाखवू म्हणून काढलेले, आणि कुणालाच न दाखवलेले. तिनं तेच लावले. आधी जांभळा, मग काळपट, हिरवट, शेवटी पिवळा. त्यावर सरांचा शांत आवाज, की कातडीखाली सांडलेलं रक्त शरीर हळूहळू साफ करतं.

चेहरा कुठेच नव्हता, त्यामुळे कुणी ओळखलं नाही. पट्ट्याच्या बकलाचा चौकोनी वळ तेवढा सोमेश्वरनं ओळखला. आपल्या हातचं काम माणूस ओळखतोच.

"डिलीट कर! लोकायला कळलं मंग?"

"लॅपटॉप तर फोडला तुम्ही. डिलीट आता कशावर करू?"

मग पट्टा निघाला. ती पडली तेव्हा त्यानं तिच्या उजव्या हाताच्या बोटांवर टाच दिली. "कशी एडिट करती, बघतो!" शालूची किंकाळी ऐकून शेजारच्या रखमाजींनी टीव्हीचा आवाज वाढवला.

सकाळी पहिल्या बसनं ती परतूरला सरांकडे गेली. डोळा मिटलेला, बोटं सुजून टम्म झालेली. सर तिच्याकडे बघतच राहिले.

"शालू, ते फोटो तुझे होते?"

"हो, सर."

सरांनी मोबाइल उचलला. "मी आत्ता काढून टाकतो तो व्हिडिओ."

"काढायचा न्हाई. बिलकुल न्हाई." भीती अजून होती, पण लाज मात्र वाटत नव्हती. "मी पोलीस स्टेशनला चालले, सर. त्याआधी फोटो काढा. तोंडासकट."

सरांनी कॅमेरा डोळ्याला लावला. बटण दाबलं आणि कॅमेऱ्याचा पडदा तिच्यासमोर धरला.

शालूनं उघड्या डोळ्यानं नीट पाहिलं.

"हालला, सर," ती म्हणाली. "परत काढा."