सूचीतला खबऱ्या

डॉ. ह्यू युटिंग यांची पाच पुस्तकं आहेत आणि पाचांचीही सूची मी केलेली आहे. सूची म्हणजे शेवटची दहा-बारा पानं, कुणाचं नाव कुठल्या पानावर ते सांगणारी. पुस्तक पूर्ण वाचायला कुणाला वेळ नसतो, सूची मात्र सगळे चाळतात, आणि ती केली कुणी हे कुणी विचारत नाही. मी बेरिल टिलेट. नाव आताच सांगून ठेवते, पुढे लागणार आहे.

युटिंगांचा जीव दोनशे वर्षांपूर्वीच्या माणसांत अडकलेला होता. तिकडे फ्रान्समध्ये राजाचं डोकं उडालं आणि इकडे इंग्लंडात आमच्या नॉरिच गावचे विणकर मागावर बसून कविता म्हणायला लागले, मताचा हक्क मागायला लागले, तो काळ. तिसरं पुस्तक या विणकरांच्या मंडळावर होतं. त्यांतले सात जण तुरुंगात गेले, कारण मंडळातलाच कुणीतरी लंडनला सरकारकडे निनावी पत्रं पाठवत होता. हा खबऱ्या कोण, यावर युटिंगांनी सात पानं खर्ची घातली. जेबेझ लारवूड असू शकेल, कारण तो सगळ्यांच्या आधी सुटला. पण अक्षर जुळत नाही, पुरावा नाही, दुसराही कुणी असू शकेल.

सूचीत मी लिहिलं, "लारवूड, जेबेझ: खबऱ्या असल्याचा संशय, ११२–११८". छापखान्यातून निरोप आला की शेवटचं पान एका ओळीने जास्त होतंय, काहीतरी छाटा. "असल्याचा संशय" यामुळे ही नोंद दुसऱ्या ओळीवर जात होती. मी ते दोन शब्द खोडले, उरलं नुसतं "खबऱ्या". चहा थंड व्हायच्या आत काम झालं. ही १९७४ सालची गोष्ट.

आमच्या प्रार्थनाघरात त्या सात जणांच्या नावांची लाकडी पाटी आहे. दर नोव्हेंबरात एका रविवारी ती नावं पुकारतात आणि त्या त्या घरातलं कुणीतरी उठून "हजर" म्हणतं. पुस्तक निघालं, विश्वस्तांनी सूची चाळली आणि सातव्या नावावर, जेबेझच्या, काळा रंग फिरवला. एडना लारवूड, शाळेच्या स्वयंपाकघरात जन्म काढलेली बाई, तेव्हापासून शेवटच्या बाकावर बसते. आता अठ्ठ्याहत्तरची आहे. नाव पाटीवर परत आल्याशिवाय मरायची नाही, असं तिने विश्वस्तांना तोंडावर सांगितलंय. ते म्हणतात, पुस्तकात छापलंय, आम्ही काय करणार.

आणि एक आहे. सहा नावं झाली की पुकारणारा थांबतो. थांबायचं काही कारण नसतं, तरी दर वर्षी, कुणीही पुकारत असो, थांबतोच. तेवढ्या वेळात कुणीतरी माझ्या मानेकडे बघतंय असं मला वाटतं. दारातून वारा येत असेल, अशी मी वीस वर्षं स्वतःची समजूत घातली.

यंदा उन्हाळ्यात युटिंग गेले. प्रकाशकांकडच्या फिलिपाचा फोन आला. "बेरिलबाई, तिसऱ्या पुस्तकाची नवी आवृत्ती काढतोय. सूची आहे तीच ठेवू ना?"

मी माळ्यावरून बुटांचा जुना खोका काढला. आत सूचीच्या चिठ्ठ्या, एका नावाला एक, इंग्रजी वर्णक्रमाने लावलेल्या. सगळ्यांत वर लारवूड.

त्याची जागा मध्यावर. मी त्याला तिथे सरकवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी झाकण उघडलं तर पुन्हा वर. म्हातारपण, दुसरं काय, असं म्हणून मी खोका सुतळीने बांधला. तिसऱ्या सकाळी गाठ जशीच्या तशी होती आणि लारवूड वर होता. माझंच अक्षर, माझ्याच पेन्सिलीने खोडलेले दोन शब्द.

युटिंगांची स्वतःची प्रत त्यांच्या पुतण्याने मला पाठवली होती. ती उघडून मी थेट मागे सूचीवर गेले. त्या ओळीशेजारी त्यांच्या पेन्सिलीचं बारीकसं प्रश्नचिन्ह होतं, खाली साल १९७६. म्हणजे त्यांना ठाऊक होतं. त्यानंतर पुस्तक चार वेळा छापलं गेलं. एडना दोनदा त्यांच्या दारी गेली, तेव्हा "मी असं कुठे लिहिलंय, पान एकशेबारा वाचा" असं म्हणून त्यांनी हात झटकले. मला एका शब्दाने विचारलं नाही. राजाला न घाबरणाऱ्या माणसांवर पाच पुस्तकं लिहिली या गृहस्थांनी, आणि स्वतःच्या पुस्तकातल्या एका ओळीला घाबरले. मला त्यांचा भयंकर राग आला. मग स्वतःचा त्याहून जास्त.

ते दोन शब्द गुपचूप परत घातले असते तरी चाललं असतं. खोटं कशाला बोलू, मी तेच ठरवलं होतं. पण चौथ्या सकाळीही तो वर होता. मी चिठ्ठी घेऊन एडनाच्या दारात जाऊन उभी राहिले.

तिने ती उजेडात धरली. "हे कुणी खोडलं?"

"मी."

"का?"

"पान एका ओळीने जास्त होत होतं."

आतून उकडत्या कोबीचा वास येत होता.

"एका ओळीसाठी," ती म्हणाली. "माझा बाप नव्वदीला टेकलेला होता हो तेव्हा. अंथरुणावरून विचारायचा, एडना, आपला जेबेझ खरंच तसला होता का गं? मी म्हणायचे, नाही. पण त्याने पुस्तक बघितलं होतं."

"मी ते शब्द परत घालते. नव्या आवृत्तीत."

"गुपचूप?" तिने माझ्याकडे पाहिलं. "त्याचं नाव उघड छापलंत, आणि आता तुमचं लाजतंय होय? त्याने केलं की नाही देव जाणे, तरी ते वीस वर्षं त्याच्या नावावर राहिलं. तुम्ही तर केलंयत. ते राहू दे की तुमच्या नावावर."

चिठ्ठी माझ्या हातात कोंबून तिने दार लावून घेतलं. चहाचं तर सोडाच.

लारवूडचे दोन शब्द मी परत घातले. सूची करणारा स्वतःचं नाव सूचीत कधी घालत नाही. मी घातलं. "टिलेट, बेरिल: सूचीकार, एक ओळ वाचवण्यासाठी लारवूडला पुराव्याविना खबऱ्या ठरवते".

"अहो, हे छापायचं?" फिलिपा फोनवर म्हणाली. "शिवाय दोन ओळी होतायत. पान पुढे जाईल."

"जाऊ दे. या वेळी कुणाला छाटायचं नाही."

छपाईआधीची पानं मी विश्वस्तांपुढे ठेवली आणि काय केलं ते तोंडाने सांगितलं. त्यांनी पाटीवरचा काळा रंग खरवडला. नोव्हेंबरातल्या त्या रविवारी सहा नावं झाली, पुकारणारा थांबला, आणि मग म्हणाला, "जेबेझ लारवूड."

शेवटच्या बाकावर एडना पुढचा बाक धरून उठली. "हजर."

जाताना ती माझ्या शेजारून गेली, बोलली नाही. बोलावं अशी माझी अपेक्षाही नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी खोका उघडला. लारवूड मध्यावर, आपल्या जागी होता. सगळ्यांत वर माझ्या नावाची चिठ्ठी होती. ती मी शेवटाकडे ठेवली होती, चांगलं आठवतंय. परत मागे सरकवली नाही. आता रोज सकाळी झाकण उघडून बघते. वरच असते.